तिसऱ्या पावलावर ठरणारं करिअर

मिशिगनमध्ये नोव्हेंबरच्या शेवटच्या शनिवारी बारसं, सत्यनारायण, साखरपुडा काहीही ठेवायचं असेल, तर आधी मिशिगन विरुद्ध ओहायो स्टेट या कॉलेज संघांच्या अमेरिकन फुटबॉल सामन्याची वेळ बघावी लागते. २७ नोव्हेंबर २०२१ला हा सामना अ‍ॅन आर्बरला होता. हलका बर्फ पडत होता आणि १,०७,६०१ आसनांचं स्टेडियम खचाखच भरलं होतं. मिशिगनने ४२–२७ असा विजय मिळवला. २०११ नंतर ओहायो स्टेटला हरवण्याची ही पहिलीच वेळ. त्या दिवशी मिशिगनचा डिफेन्सिव्ह एंड एडन हचिन्सनने समोरच्या क्वार्टरबॅकला, म्हणजे चेंडू फेकणाऱ्या खेळाडूला, चेंडू हातात असतानाच तीनदा आडवं केलं. हचिन्सन प्लिमथचा. प्लिमथ म्हणजे कॅन्टन आणि नोव्हायच्या शेजारचं गाव, आणि या भागात मराठी घरं भरपूर. म्हणूनच भारतातून फोन आला की विचारणा होते: तो डिफेन्सिव्ह एंड नेमकं काय करतो, आणि कॉलेजात खेळून त्याचं करिअर होतं तरी कसं?

कबड्डी माहीत असेल तर अर्धं काम झालं. कबड्डीतला कोपरारक्षक चढाईपटूला बाहेरून निसटू देत नाही आणि नेमका क्षण साधून पकड करतो. डिफेन्सिव्ह एंड हा बचावाच्या पुढच्या फळीतला कोपरा. त्याच्यासमोर असतो ऑफेन्सिव्ह टॅकल, म्हणजे क्वार्टरबॅकला वाचवणारा, साधारण १४० किलोंचा, लांब हातांचा. एंडचं स्वतःचं वजन ११० ते १२५ किलोंच्या आसपास, उंची सहसा सव्वासहा फुटांच्या पुढे. तो कुठे उभा राहतो याला आकडे आहेत. टॅकलच्या बाहेरच्या खांद्यावर उभा राहिला तर ‘फाइव्ह टेक्निक’, त्याच्याही पलीकडच्या टाइट एंडच्या (टॅकलच्या शेजारी उभा राहणारा त्याच्याच संघातला खेळाडू) बाहेरच्या खांद्यावर उभा राहिला तर ‘नाइन’. पाच आणि नऊमधलं अंतर दोन पावलांचंच, पण त्यावर सगळं गणित बदलतं. नऊवरून क्वार्टरबॅककडे धावायला मोकळी वाट मिळते, मात्र आतली फट उघडी पडते.

क्वार्टरबॅक चेंडू घेऊन मागे सरकतो आणि साधारण अडीच सेकंदांत फेकून मोकळा होतो. एंडच्या हातात तेवढाच वेळ. त्यातही टॅकलला चेंडू कधी निघणार हे आधीच ठाऊक असतं, कारण हाकेचा आकडा त्यांच्या गोटात ठरलेला असतो. एंडला तो माहीत नसतो. म्हणून त्याला पहिली शिकवण मिळते ती कानांनी नव्हे, डोळ्यांनी निघण्याची. एक हात जमिनीवर, कंबर वर, नजर टॅकलवर, पण डोळ्याच्या कोपऱ्यात चेंडू. चेंडू हलला की निघायचं. आवाजावर निघणाऱ्याला क्वार्टरबॅक मुद्दाम खोटी हाक देऊन फसवतो. मग ऑफसाइड, म्हणजे चेंडू हलण्याआधीच रेषा ओलांडणं, आणि पाच यार्डांचा दंड.

पहिल्या पावलाची चूक सगळ्यात जास्त दिसते. नवखा मुलगा निघताना पुढचा पाय उचलून तिथेच किंवा किंचित मागे ठेवतो आणि मग जोर लावतो. डोळ्यांना हे जाणवतही नाही, पण ते पाऊल फुकट जातं. वजन पुढच्या पायावर आणि जमिनीवरच्या हातावर असेल तर मागचा पाय सरळ पुढे पडतो. दुसरी चूक म्हणजे निघताक्षणी ताठ उभं राहणं. ताठ उभ्या माणसाची छाती टॅकलच्या पंजांसाठी आयतीच मोकळी होते. कुस्तीत उंच उभा राहणारा पैलवान जसा आधी हलतो, तसंच.

पहिली दोन पावलं म्हणजे जमीन कापणं. निर्णय तिसऱ्या पावलावर. तिथे टॅकल हाताच्या अंतरावर येतो आणि त्याचं वजन कुठे आहे ते कळतं. तो घाईने बाहेर सरकला असेल तर आत शिरायचं. टाचांवर गेला असेल तर दोन्ही तळवे छातीवर रोवून त्याला सरळ क्वार्टरबॅकच्या अंगावर रेटायचं. हा ‘बुल रश’. बाहेरची बाजू मोकळी असेल तर टॅकलच्या पुढे आलेल्या मनगटावर तिरका फटका मारून त्याचा हात खाली पाडायचा, त्याच क्षणी आपला आतला हात त्याच्या काखेखालून वर ओढायचा आणि खांदा इतका खाली घालायचा की धावता धावता अंग जमिनीकडे कलतं. याला इथले कोच ‘बेंड’ म्हणतात. घोट्याचा सांधा किती वाकतो यावर बेंड ठरतो. नुसत्या ताकदीने तो येत नाही.

आणि कोपरा कुठे वळायचा? क्वार्टरबॅक सात-आठ यार्ड मागे असतो. एंड त्या खोलीच्याही पलीकडे धावत गेला, की क्वार्टरबॅक एक पाऊल पुढे सरकतो आणि एंड त्याच्या पाठीमागून निघून जातो. टीव्हीवर हा एंड फार वेगवान वाटतो, प्रत्यक्षात टॅकलने त्याला हवं तिथे पोचवलेलं असतं.

धावेचा खेळ आला की काम उलटं. इथे घाई नडते. बाहेरचा हात मोकळा ठेवायचा, आतल्या हाताने अडवणाऱ्याला थोपवायचं, आणि चेंडूवाल्याला बाहेरच्या कडेने जाऊ द्यायचं नाही. कॉलेज फुटबॉलमध्ये एक डाव सर्रास खेळला जातो: एंडला मुद्दाम कोणी अडवायचंच नाही. क्वार्टरबॅक चेंडू रनिंग बॅकच्या (चेंडू घेऊन पळणाऱ्याच्या) पोटाशी धरून एंडकडे बघत राहतो. एंड रनिंग बॅकवर झेपावला तर क्वार्टरबॅक चेंडू काढून घेऊन मोकळ्या झालेल्या कडेने पळतो. एंड थांबला तर चेंडू रनिंग बॅकला मिळतो. नव्या मुलाला वाटतं, अडवायला कोणी आलं नाही, वाट मोकळी आहे. अनुभवी एंडला तेवढ्यावरून धोका कळतो. तो खांदे समोर ठेवून एकेक पाऊल सरकत राहतो, म्हणजे क्वार्टरबॅकचा निर्णय अर्धा सेकंद लांबतो आणि तेवढ्यात मागची माणसं पोचतात. या अर्ध्या सेकंदाची कुठल्याच तक्त्यात नोंद होत नाही.

तक्त्यात मोजले जातात ते सॅक, म्हणजे चेंडू हातात असतानाच क्वार्टरबॅकला पाडणं. कॉलेजात हा आकडा अधिकृतपणे २००० सालापासून ठेवला जातो आणि एका हंगामाचा विक्रम टेरेल सग्जच्या नावावर आहे: २००२ मध्ये अ‍ॅरिझोना स्टेटकडून २४. पण एनएफएल या व्यावसायिक लीगमधले संघ फक्त सॅक बघून खेळाडू निवडत नाहीत, आणि त्यांचं बरोबर आहे असं आमचं मत आहे. सॅक कधी समोरच्याच्या चुकीनेही मिळतो. टॅकल किती वेळा हरला, किती वेगाने हरला, हे व्हिडिओत दिसतं. डॅनिएल हंटरने एलएसयू या विद्यापीठाकडून खेळताना शेवटच्या हंगामात फक्त दीड सॅक केले होते. (दोघांनी मिळून पाडलं तर प्रत्येकाला अर्धा.) तरी मिनेसोटाने २०१५ च्या ड्राफ्टमध्ये (एनएफएलचे संघ आळीपाळीने कॉलेज खेळाडू निवडतात तो कार्यक्रम) त्याला तिसऱ्या फेरीत घेतलं आणि तो लीगमधल्या अव्वल एंडपैकी एक झाला. मॅक्स क्रॉस्बी ईस्टर्न मिशिगनसारख्या छोट्या कॉलेज संघातून आला, २०१९ मध्ये चौथ्या फेरीत निवडला गेला आणि तोही त्याच रांगेत जाऊन बसला.

कॉलेजचे दिवस सोपे नसतात. चार हंगाम खेळायला पाच वर्षं मिळतात. एखाद्या वर्षी चार किंवा कमी सामने खेळला तर ते वर्ष मोजलं जात नाही, त्याला ‘रेडशर्ट’ म्हणतात. बहुतेक एंडना हे वर्ष वजन वाढवायलाच लागतं. शाळेतून १०० किलोंचा आलेला मुलगा दिवसाला पाच-सहा वेळा खातो आणि वजनखोलीत पाय, कंबर, पाठ घडवतो. घाईने चरबी चढवली की पहिलं पाऊल जड होतं आणि मिळवलेलं वजन अंगावर उलटतं. हंगामात सरावाला आठवड्याला २० तासांची मर्यादा आहे, पण व्हिडिओ बघणं, उपचार, प्रवास धरले तर दिवस त्यातच जातो. अभ्यास सोडता येत नाही. तिसऱ्या वर्षाला लागताना पदवीचा ४० टक्के भाग पूर्ण लागतो, मग ६०, मग ८०. त्यात मागे पडला तर मैदानाबाहेर.

पैशांचं चित्र गेल्या काही वर्षांत पार बदललं. १ जुलै २०२१ पासून खेळाडूंना स्वतःच्या नावावर जाहिरातीतून कमाई करता येते आणि २०२५ पासून विद्यापीठंही आपल्या कमाईतला वाटा थेट देऊ शकतात. भारतातून मुलाला इथे पाठवू बघणाऱ्या पालकांनी एक गोष्ट नीट समजून घ्यावी: विद्यार्थी व्हिसावर आलेल्या खेळाडूला ही वाट जवळपास बंद आहे. त्या व्हिसावर परवानगीशिवाय कॅम्पसबाहेर काम करता येत नाही, आणि जाहिरातीसाठी शूट करणं हे काम धरलं जाऊ शकतं. सही करण्याआधी विद्यापीठाच्या आंतरराष्ट्रीय विद्यार्थी कार्यालयात आणि इमिग्रेशन वकिलाकडे जायलाच हवं. व्हिसा गेला तर खेळ आणि शिक्षण दोन्ही जातात.

शाळा सुटून तीन वर्षं झाल्याशिवाय एनएफएलच्या ड्राफ्टमध्ये उतरता येत नाही. तिसऱ्या हंगामानंतर खरा पेच पडतो: निघायचं की थांबायचं? खेळाडूला एनएफएलच्या सल्लागार समितीकडून अंदाज मागता येतो. उत्तर तीनपैकी एक मिळतं: पहिली फेरी, दुसरी फेरी, किंवा कॉलेजातच थांब. हचिन्सनचा पाय २०२० मध्ये तिसऱ्याच सामन्यात मोडला. त्या हंगामात त्याच्या नावावर एकही सॅक नव्हता. तो थांबला. पुढच्या वर्षी १४ सॅक आणि कॉलेजातल्या सर्वोत्तम खेळाडूला मिळणाऱ्या हाइझमन पुरस्काराच्या मतदानात दुसरा क्रमांक.

मग मोजमाप सुरू होतं. फेब्रुवारीच्या शेवटी इंडियानापोलिसला ‘कम्बाइन’ भरतं. तीनशेहून थोडे जास्त खेळाडू बोलावले जातात. ४० यार्ड धाव सगळ्यांना माहीत असते, पण एंड सामन्यात सरळ ४० यार्ड क्वचितच धावतो. त्यामुळे जाणकार पहिल्या १० यार्डांची वेळ बघतात. त्याहून कामाची ‘थ्री कोन’ कसरत: पाच-पाच यार्डांवर ठेवलेल्या तीन शंकूंभोवती काटकोनात वळत धावायचं. बेंड इथे उघडा पडतो. बेंच प्रेसला १०२ किलो वजन किती वेळा उचललं हे मोजतात, पण लांब हाताच्या मुलाला पट्टी जास्त अंतर ढकलावी लागते, म्हणून त्याचा आकडा कमी आला तरी घाबरायचं कारण नसतं. आणि खांद्याच्या हाडापासून मधल्या बोटाच्या टोकापर्यंत हाताची लांबी मोजतात. ज्याचा हात लांब, तो समोरच्याच्या छातीला आधी लागतो. वैद्यकीय तपासणी सगळ्यात महत्त्वाची. सगळ्या संघांचे डॉक्टर जुन्या दुखापती चाचपून बघतात आणि तिथे बसलेला शेरा पुसला जात नाही.

२०२२ सालचे तीन एंड शेजारीशेजारी ठेवून बघा. हचिन्सन: हात ३२ इंचांहून किंचित जास्त, म्हणजे या जागेसाठी आखूड, ४० यार्ड ४.७४ सेकंदांत, पण थ्री कोन ६.७३. जॉर्जियाचा ट्रॅव्हॉन वॉकर: १२३ किलो वजन, साडेपस्तीस इंच हात, ४० यार्ड ४.५१ सेकंदांत, आणि त्या हंगामात सॅक फक्त सहा. जॅक्सनव्हिलने पहिला क्रमांक वॉकरला दिला, डेट्रॉइटने दुसऱ्यावर हचिन्सनला घेतलं. पहिल्या फेरीत रक्कम क्रमांकानुसार जवळजवळ ठरलेलीच असते; हचिन्सनचा चार वर्षांचा करार सुमारे ३.५७ कोटी डॉलरचा झाला.

तिसरा डेव्हिड ओजाबो, मिशिगनच्याच दुसऱ्या कोपऱ्यावरचा. नायजेरियात जन्म, स्कॉटलंडमध्ये बालपण, फुटबॉल हातात घेतला २०१७ मध्ये. २०२१ मध्ये ११ सॅक आणि पाच वेळा समोरच्याच्या हातातून चेंडू सोडवला. पहिल्या फेरीत जाणार असं सगळे धरून चालले होते. मार्चमध्ये विद्यापीठाच्याच मैदानावर ‘प्रो डे’ला, संघांच्या लोकांसमोर कसरत करताना त्याच्या टाचेमागची अकिलीस शीर तुटली. कोणी धडकलं नव्हतं. बाल्टिमोरने त्याला दुसऱ्या फेरीत, ४५व्या क्रमांकावर घेतलं. अशा घसरणीसाठी ‘लॉस ऑफ व्हॅल्यू’ नावाचा विमा मिळतो. वरच्या फेऱ्यांची आशा असलेल्या प्रत्येक मुलाच्या घरच्यांनी हंगामाआधीच त्याची अट न् अट वाचावी, विशेषतः किती क्रमांक घसरल्यावर पैसे मिळतात आणि जुनी दुखापत वगळली आहे का.

उशिरा सुरुवात करूनही इथवर पोचता येतं, हे ओजाबोप्रमाणे झिगी अन्सानेही दाखवलं. घानाहून शिकायला आलेला हा मुलगा २०१० पर्यंत फुटबॉल खेळलाच नव्हता; २०१३ मध्ये डेट्रॉइटने त्याला पाचव्या क्रमांकावर घेतलं. भारतीय वंशाचा ब्रँडन चिलार २००४ मध्ये चौथ्या फेरीत निवडला गेला होता, पण तो लाइनबॅकर, म्हणजे एंडच्या मागच्या फळीतला.

कॉलेज खेळांची नियामक संस्था एनसीएएच्या अंदाजाने ड्राफ्टला पात्र असलेल्या कॉलेज खेळाडूंपैकी १.६ टक्केच एनएफएलमध्ये पोचतात. निवड न झालेल्यांना ड्राफ्ट संपताच फोन येऊ लागतात आणि अगदी थोड्या वेळात संघ ठरवावा लागतो. अशा वेळी बोनस किती यापेक्षा त्या संघात एंड किती आहेत हे मोजावं. शिबिरात ९० खेळाडू असतात, ऑगस्टअखेर ५३ उरतात. वगळलेल्यांपैकी काहींना सराव पथकात जागा मिळते. पगार आठवड्याच्या हिशेबाने, आणि संघ केव्हाही सोडू शकतो. तिथल्या एंडचं काम म्हणजे येत्या रविवारच्या प्रतिस्पर्धी एंडची नक्कल करणं. त्याचा व्हिडिओ बघायचा, तो नऊवर उभा राहत असेल तर नऊवर उभं राहायचं, तो तिसऱ्या पावलावर आत वळत असेल तर तसंच वळायचं, म्हणजे आपल्या टॅकलला रविवारी नवल वाटणार नाही. बुधवार-गुरुवारच्या त्या सरावात कोच कडेला उभे राहून बघत असतात, टॅकलकडेही आणि त्याच्याकडेही.