राहूची पायरी: साताऱ्यातून चौदा महिन्यांची मोजणी

मंडळी, मागच्या नोंदीत लिहिलं होतं की राहूची मोजलेली जागा दाखवणारे माझ्या आलेखावरचे ठिपके सरळ रेषेत बसायला तयार नाहीत. आता जानेवारी २०२६ संपत आलाय, ठिपके तेरा झालेत आणि त्यांचं म्हणणं मला कळलंय. राहू एका चालीने चालत नाही. तो थबकतो, मग भरभर मागे सरतो, पुन्हा थबकतो. आलेखावर सरळ उतार नाही, पायऱ्या आहेत.

नवीन आलेल्यांसाठी थोडक्यात. चंद्राची कक्षा क्रांतिवृत्ताशी, म्हणजे सूर्याच्या आकाशातल्या वार्षिक वाटेशी, सुमारे ५ अंश ९ कलांचा कोन करते. चंद्र क्रांतिवृत्त ओलांडून उत्तरेकडे जातो तो बिंदू राहू, दक्षिणेकडे उतरतो तो केतू. तिथे ना दगड, ना धूळ. दुर्बिणीतून त्या जागी पाहिलं तर रिकामं आकाश. तरी हा बिंदू वर्षाला सुमारे १९.३ अंश मागे जातो आणि १८.६ वर्षांत फेरी पुरी करतो. मी सुरुवात केली तेव्हा तो मीनेत होता, आता कुंभेच्या मध्यावर आलाय.

मोजायची रीत साधी आहे. चंद्र पाताजवळ (राहू किंवा केतूजवळ) असताना दोन-तीन रात्री २०० मिमी लेन्सने फोटो काढायचे, एक चंद्रबिंबासाठी झटपट, एक ताऱ्यांसाठी लांब. ताऱ्यांवरून चंद्राचा भोग (क्रांतिवृत्तावरची जागा) आणि शर (क्रांतिवृत्तापासून उत्तर-दक्षिण अंतर) काढायचा, शर शून्य कधी झाला ते ठरवायचं. कष्ट आहेत ते अचूकतेत. शरात एक दशांश अंश चुकलं की राहूच्या जागेत एक अंशाहून अधिक फरक पडतो, कारण चंद्र ती रेषा फारच तिरकी कापतो.

पहिल्या दोन महिन्यांचे आकडे मी याच कारणाने टाकून दिले. लंबन, म्हणजे बघण्याच्या जागेमुळे चंद्र सरकलेला दिसणं, धरलं नव्हतं. आपण पृथ्वीच्या मध्यात नाही, साताऱ्यात पावणेअठरा अक्षांशावर उभे आहोत. चंद्र मध्यमंडलावर (डोक्यावरून जाणाऱ्या उत्तर-दक्षिण रेषेवर) असला तरी तो दक्षिणेला पाव अंशाहून जास्त सरकलेला दिसतो, म्हणजे राहू जवळपास तीन अंश चुकतो. जुन्या सिद्धांतग्रंथांत लंबनाच्या या उत्तर-दक्षिण भागाला ‘नति’ असं वेगळं नाव आहे. फोटो नसताना ज्यांना हे वेगळं काढावंसं वाटलं, त्यांच्याबद्दलचा आदर मला या चुकीनेच शिकवला.

आता पायऱ्या. मार्च २०२५ च्या आसपासच्या ऐंशी दिवसांत माझ्या मोजणीत राहू जेमतेम दीड अंश सरकला. तेव्हा राहू सूर्याच्या उजेडात होता, म्हणून समोरच्या केतूवरून मोजलं. ऑक्टोबरअखेर ते जानेवारी या तेवढ्याच दिवसांत तो सात अंश सरकला. दोन्ही वेळा कॅमेरा तोच, साताऱ्याजवळच्या यवतेश्वरच्या वरचा सडा तोच, वाराही तोच.

कारण सूर्य आहे. कक्षेचं प्रतल फिरतं ते सूर्याच्या ओढीने. सूर्य पाताच्या दिशेला असला की तो त्या प्रतलातच येतो, आणि प्रतल वळवायला त्याला पकड उरत नाही. तेव्हा राहू जवळजवळ स्थिर होतो, कधी किंचित पुढेही जातो. सूर्य पातापासून ९० अंशांवर गेला की ओढ सर्वांत जास्त, आणि राहू सरासरीच्या दुप्पट वेगाने मागे पळतो. पंचांगात ‘मध्यम राहू’ (सरासरी गतीचा) आणि ‘स्पष्ट राहू’ (खऱ्या गतीचा) असे दोन का असतात, ते मला इतकी वर्षं फक्त वाचून माहीत होतं. दोघांत दीड अंशापर्यंत अंतर पडतं, आणि ते आता माझ्या आलेखावर आहे.

आणि सूर्य पाताजवळ येतो तेव्हाच ग्रहणं होतात. म्हणजे ग्रहणाच्या दिवसांत राहू जागच्या जागी उभा असतो. हे कळलं त्या रात्री मला आजीची गोष्ट आठवली. स्वर्भानू, म्हणजे राहू, देवांच्या पंगतीत बसला, सूर्य-चंद्रांनी मोहिनीला खूण केली, चक्राने मुंडकं उडालं. अमृत गळ्याखाली उतरलं नव्हतं म्हणून मुंडकं अमर झालं, आणि गळ्याखाली काही नाही म्हणूनच गिळलेला चंद्र सुटतो. आजी म्हणायची, ‘तो दबा धरून बसलेला असतो.’ मुंडकं राहू, धड केतू: एका घावाचे दोन तुकडे, म्हणून कायम समोरासमोर. दबा धरून बसलेला म्हणून ग्रहणाला स्थिर. गोष्ट रचणाऱ्यांना ही गती माहीत होती असा माझा दावा नाही. पण ही गोष्ट आणि हा आलेख एकाच बिंदूबद्दल बोलतात, याचा मला मनापासून आनंद झाला.

आर्यभटाने इ.स. ४९९ मध्येच स्वच्छ लिहिलं: ‘छादयति शशी सूर्यं शशिनं महती च भूच्छाया’. चंद्र सूर्याला झाकतो, पृथ्वीची मोठी सावली चंद्राला. तरी राहूचं नाव टिकलं. कोकणातल्या नांदगावच्या गणेश दैवज्ञांनी शके १४४२ मध्ये ‘ग्रहलाघव’ लिहिला. त्यात नियम आहे की राहू पुनर्वसूपासून आठ नक्षत्रांत असताना चंद्र रोहिणीचा शकट (गाड्यासारखी ताऱ्यांची आकृती) भेदतो. तिथे राहूसाठी शब्द वापरलाय स्वर्भानू! गणिताच्या सूत्रात पुराणातला असुर बसलाय, आणि सूत्र बरोबर आहे. मी ताडून पाहिलं: २०१५ ते २०१८ मध्ये चंद्र रोहिणीला झाकत होता, तेव्हा राहू त्याच आठांत होता. पुढची मालिका २०३३ मध्ये.

पावसाळ्याची चार महिन्यांची फट मात्र भरून निघणार नाही. ७ सप्टेंबरचं खग्रास ग्रहण, विसर्जनाच्या दुसऱ्या रात्रीचं, ८२ मिनिटांच्या खग्रासात ढगांतून दोनदा दिसलं. तांबूस बिंब मिळालं, आजूबाजूचे तारे नाही मिळाले. त्या रात्रीचा ठिपका आलेखावर नाही. गल्लीतल्या एका काकूंनी ‘दे दान सुटे गिराण’ ही लहानपणची हाळी म्हणून दाखवली, ती वहीत लिहून ठेवलीय.

या वर्षी केतू मघा ताऱ्याकडे सरकतोय, ऑगस्टच्या सुमारास पोचेल. म्हणून डिसेंबरपर्यंत दर महिन्याला पृथ्वीवर कुठून ना कुठून चंद्र मघेला झाकताना दिसेल. आपल्याकडून झाकली नाही तरी फोटो काढा. मघा क्रांतिवृत्ताला जवळजवळ चिकटून आहे, तिच्यापासूनचं चंद्राचं अंतर म्हणजे आयता शर.

त्याआधी ३ मार्चचं चंद्रग्रहण. साताऱ्यात चंद्र ग्रस्तोदित, म्हणजे ग्रहण लागलेलाच, उगवेल आणि पावणेसातच्या सुमारास मोक्ष होईल (ग्रहण सुटेल), म्हणजे हातात काही मिनिटंच. शहरातून पूर्वेला डोंगर आडवा येतो. मी दुपारीच जरंडेश्वर चढणार आहे, कोरेगावच्या बाजूचं क्षितिज तिथून मोकळं मिळेल. तिवई न्यायला आणखी एक जण हवा आहे.