ताप आला की सगळं अंग पाहा

पावसाळ्यात आमच्या हिंगणघाट तालुक्यात सगळे सापाला भितात, आणि भ्यायलाच पाहिजे. पण श्रावणापासून दिवाळीपर्यंत वावरात आणखी एक जीव असतो. तो दिसत नाही आणि चावला तरी कळत नाही. 2018 च्या पावसाळ्यात नागपूर आणि आसपासच्या जिल्ह्यांत त्याच्यामुळे माणसं दगावली, तेव्हा पेपरात ‘स्क्रब टायफस’ हे या तापाचं नाव रोज यायचं. पुढे लोक विसरले. मी गावची आशा सेविका, मला विसरून चालत नाही.

तो जीव म्हणजे चिगर माइट, गोचिडाच्या गणगोतातला. मोठा झाला की मातीत राहतो, माणसाच्या वाटेला जात नाही. चावते ती त्याची अळी, मिलिमीटरच्या पाचव्या हिश्शाएवढी. धुऱ्यावरच्या गवतात बसून असते. उंदीर आला तर त्याला धरते, निंदणारी बाई आली तर तिला. नुसते उंदीर मारून रोग हटत नाही, कारण रोगाचा जंतू माइटच्या मादीकडून तिच्या अंड्यांत उतरतो.

चावल्यावर साधारण दहा-बारा दिवसांनी थंडी वाजून ताप येतो, डोकं ठणकतं, अंग मोडून येतं. चावल्या जागी काळी खपली धरते, कडेने लाल, विडीचा चटका बसल्यासारखी. सगळ्यांनाच धरते असं नाही. पण धरली तर दुखत नाही, खाजवत नाही, आणि असते कुठे? काखेत, जांघेत, छातीखाली, नाड्याच्या जागी. बाईमाणूस ते डॉक्टरला दाखवत नाही, डॉक्टरही विचारत नाही.

माझ्या मोठ्या जाऊबाईंचं तेच झालं. मलेरियाचा रिपोर्ट निगेटिव्ह, प्लेटलेट कमी, म्हणून डेंग्यू समजून सलाईनवर सलाईन. मी विचारलं, “बाई, अंगावर कुठं खपली हाय का?”

“काही दुखून नाही राहिलं, तं कायची खपली वो?”

दार लावून घेतलं, लुगडं सैल केलं. नाड्याखालीच होती. डॉक्टरांना सांगितलं, डॉक्सिसायक्लिन सुरू झालं आणि दोन दिवसांत ताप उतरला. गोळी स्वस्त आहे, सरकारी दवाखान्यात मिळते. गरोदर बाईला अझिथ्रोमायसिन देतात. उशीर झाला तर मात्र फुफ्फुस, किडनी, मेंदू, कशावरही जातं. आणि तापात सर्रास टोचतात त्यातली बरीच इंजेक्शनं या जंतूवर चालतच नाहीत.

वावरातून आल्यावर साबण लावून आंघोळ करा, अंगावरचे कपडे गरम पाण्यात टाका. शिदोरी खायला गवतावर बसू नका, कपडे धुऱ्यावर काढून ठेवू नका. दवाखान्यात गेल्यावर ‘मी निंदायला जाते’ हे पहिल्या वाक्यात सांगा. रक्त तपासतात तेव्हा स्क्रब टायफसची तपासणीही मागा. हा रोग माणसापासून माणसाला लागत नाही, त्यामुळे तापलेल्या सुनेला वेगळं निजवायचं काही कारण नाही.

आमच्या उपकेंद्रात तपासणीच्या टेबलाला पडदा नाही. बाहेर बाकावर माणसं बसलेली असतात, तिथे कोणती बाई पोलकं सोडेल? पोळ्याच्या आधी पडदा लागला पाहिजे आणि तापाच्या प्रत्येक बाईला सिस्टरने आडोशाला घेऊन पाहिलं पाहिजे. ग्रामपंचायतीला अर्ज दिला आहे, येत्या ग्रामसभेत बचत गटाच्या बायांना घेऊन मी तो विषय काढणार आहे.