गर्भपाताच्या कागदावर नवऱ्याची सही कुठून आली?

तुम्ही विचारलंत म्हणून. प्रश्न नेहमीचाच आहे: "गर्भपात आपल्याकडे पन्नास वर्षांहून जास्त काळ कायदेशीर आहे, मग डॉक्टर अजून नवऱ्याची सही का मागतात?" बायका तो विचारतात, कधी नवरेही विचारतात, आणि नवी प्रॅक्टिस थाटलेले डॉक्टर तर दबक्या आवाजात हमखास विचारतात.

छोटं उत्तर असं की कायद्यात ती सही नाही. बाईला १८ वर्षं पूर्ण असतील तर तिची एकटीची लेखी संमती पुरते, आणि ती 'नमुना क' या कागदावर घेतात. मुलगी अठराच्या आतली असेल किंवा स्त्रीला मानसिक आजार असेल, तर पालकाची लेखी संमती लागते. नवरा म्हणून नवऱ्याला त्या नमुन्यात जागाच ठेवलेली नाही.

लांब उत्तरासाठी थोडं मागे जावं लागतं. आपला कायदा बाईला हक्क द्यायला लिहिलेला नाही, डॉक्टरला तुरुंगापासून वाचवायला लिहिलेला आहे. ज्याला स्वतःचा बचाव करायचा असतो तो मागितल्यापेक्षा दोन सह्या जास्तच घेऊन ठेवतो.

मूळ आहे १८६० च्या भारतीय दंडविधानात. कलम ३१२: गर्भपात घडवून आणणाऱ्याला ३ वर्षांपर्यंत कैद किंवा दंड किंवा दोन्ही, आणि पोटात हालचाल जाणवू लागलेली असेल तर ७ वर्षांपर्यंत कैद आणि दंड. सूट एकच, बाईचा जीव वाचवण्यासाठी सद्हेतूने केलेला गर्भपात. कलमाखाली एका ओळीचं स्पष्टीकरण आहे, ते बहुतेकांच्या नजरेतून सुटतं: स्वतःच स्वतःचा गर्भ पाडणारी बाईसुद्धा या गुन्ह्यात धरली जाते. दंडविधान गेलं, १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहिता आली, पण हे कलम ८८ क्रमांक घेऊन त्या स्पष्टीकरणासकट तिथे येऊन बसलं आहे.

दंडविधान लागू झालं १ जानेवारी १८६२ ला. पुढच्याच वर्षी जोतीराव आणि सावित्रीबाई फुल्यांनी पुण्यात बालहत्या प्रतिबंधक गृह काढलं. या दोन तारखा शेजारी ठेवून पाहाव्यात. उच्चवर्णीय विधवेला पुनर्विवाह नव्हता. घरातल्याच कुणामुळे दिवस गेले तर पोट पाडलं तरी गुन्हा, आणि मूल जन्मल्यावर मारलं तर फाशीपर्यंत मजल. सरकारने तिच्यासाठी कोठडी ठेवली होती. फुल्यांनी गुपचूप बाळंत होऊन जाण्यासाठी एक खोली ठेवली. १८८१ मध्ये सुरतेच्या विजयालक्ष्मी नावाच्या ब्राह्मण विधवेला बालहत्येसाठी फाशी सुनावली गेली, ती पुढे अपिलात कमी झाली. त्या प्रकरणावर वर्तमानपत्रांतून बायकांच्या चारित्र्याची जी धुलाई चालली होती, तिला उत्तर म्हणून ताराबाई शिंद्यांनी १८८२ मध्ये 'स्त्री-पुरुष तुलना' लिहिली. गर्भ राहिला तो कुणामुळे, हा त्यांचा प्रश्न होता. दंडविधानाला तो कधी पडला नाही.

पुढची शंभर वर्षं कलम तसंच राहिलं. कायदा बदलण्याचं पाऊल पडलं ते स्त्रियांच्या हक्काच्या मागणीतून नव्हे. २५ ऑगस्ट १९६४ ला केंद्रीय कुटुंबनियोजन मंडळाने शिफारस केली आणि महाराष्ट्राचे तेव्हाचे आरोग्यमंत्री शांतीलाल शाह यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली गेली. डिसेंबर १९६६ मध्ये अहवाल आला. चोरून होणाऱ्या गर्भपातात बायका मरतात, हा त्याचा मुख्य मुद्दा. लोकसंख्या कमी करणं हा आपला हेतू नाही, असं समितीने स्पष्ट म्हटलं होतं, आणि ते प्रामाणिक असावं. पण बियाणं कुटुंबनियोजनाच्या कोठारातलं होतं, ते पिकात दिसलंच.

वैद्यकीय गर्भपात कायदा १९७१ मध्ये झाला आणि १ एप्रिल १९७२ ला लागू झाला. त्याच्या मुख्य कलमाची सुरुवातच अशी आहे की दंडविधानात काहीही असलं तरी, या अटी पाळणारा नोंदणीकृत डॉक्टर दोषी ठरणार नाही. वाक्याचा कर्ता डॉक्टर. अटी अशा: १२ आठवड्यांपर्यंत एका डॉक्टरचं मत, १२ ते २० आठवड्यांत दोघांचं. मत कशाबद्दल? गर्भ राहू दिला तर बाईच्या जिवाला धोका आहे किंवा तिच्या शारीरिक वा मानसिक आरोग्याला गंभीर इजा होईल, नाहीतर होणाऱ्या मुलात गंभीर व्यंग असेल. 'मला हे मूल नको आहे' असं कारण त्या यादीत नव्हतं आणि आजही नाही. बाईची सध्याची आणि पुढची परिस्थिती डॉक्टरने लक्षात घ्यावी, अशी एक फट मात्र ठेवली आहे; बरेचसे गर्भपात त्या फटीतून आणि पुढच्या स्पष्टीकरणातून होतात.

ते स्पष्टीकरण गर्भनिरोधक फसल्याचं. १९७१ चे शब्द होते: कोणत्याही विवाहित स्त्रीने किंवा तिच्या नवऱ्याने 'मुलांची संख्या मर्यादित ठेवण्यासाठी' वापरलेलं साधन निकामी ठरलं, तर त्यातून होणारा मनस्ताप ही मानसिक आरोग्याला गंभीर इजा मानता येईल. लग्न झालेलं हवं, आणि साधन वापरण्याचा हेतू संख्या कमी ठेवणं हवा. 'नवरा' हा शब्द या कायद्यात आला तो असा, सरकारी घोषणेतल्या छोट्या कुटुंबाचा अर्धा भाग म्हणून. २०२१ च्या दुरुस्तीने 'कोणतीही स्त्री किंवा तिचा जोडीदार' असं केलं आणि 'किंवा गर्भधारणा टाळण्यासाठी' हे शब्द जोडले. या तीन शब्दांना पन्नास वर्षं लागली.

मधल्या काळात त्याच सरकारचा दुसरा हात काय करत होता, तेही पाहायला हवं. १९७६-७७ या एका वर्षात देशात ८२ लाखांहून अधिक नसबंदी शस्त्रक्रिया झाल्या, त्यांतल्या सुमारे ६२ लाख पुरुषांच्या. महाराष्ट्र विधिमंडळाने तर १९७६ मध्ये तीन मुलांनंतर नसबंदी सक्तीची करणारं विधेयक मंजूर केलं होतं. राष्ट्रपतींची संमती मिळाली नाही म्हणून ते बारगळलं. १९७७ मध्ये सरकार पडलं आणि राज्यकर्त्यांनी धडा घेतला: पुरुषांना हात लावायचा नाही. मग उद्दिष्टं पुरी करायला बायकांच्या टाक्यांची शिबिरं भरू लागली. २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत विवाहित स्त्रियांपैकी ३७.९ टक्के जणींची शस्त्रक्रिया झालेली आहे, आणि नवऱ्याच्या नसबंदीवर विसंबलेल्या ०.३ टक्के. छत्तीसगडमध्ये बिलासपूरजवळ नोव्हेंबर २०१४ मध्ये एका सर्जनने एका दिवसात ८३ बायकांची शस्त्रक्रिया केली. त्या दिवसांतल्या तिथल्या शिबिरांमधल्या डझनभर बायका दगावल्या. अशी शिबिरं तीन वर्षांत बंद करा, असा आदेश सर्वोच्च न्यायालयाने २०१६ मध्ये दिला.

गंमत म्हणजे नसबंदीच्या सरकारी निकषांतही जोडीदाराच्या संमतीची अट नाही. ऑपरेशन करून घ्यायचं तर बाईची सही पुरते, मूल नाकारायचं तर पुरत नाही, असा व्यवहार कायद्याने नाही, सवयीने पडला.

आणखी एक धागा. महाराष्ट्रात १२ सप्टेंबर २००१ नंतर तिसरं अपत्य झालं तर ग्रामपंचायत, पंचायत समिती, जिल्हा परिषदेचं सदस्यत्व जातं. मुलं किती हे जिच्या हातात नाही तीच बाई राखीव जागेवरून निवडून येते आणि तिसऱ्या मुलापायी घरी बसते.

आता सहीचा माग. तो तीन ठिकाणी लागतो.

पहिलं ठिकाण दवाखान्यातली रीत. भूल देऊन करायच्या कुठल्याही शस्त्रक्रियेला 'जवळच्या नातेवाइकाची' सही घ्यायची, तीच इथे लागू केली जाते. दुसरं ठिकाण 'नमुना ३', म्हणजे भरती नोंदवही. त्यात वय, धर्म, पत्ता यांबरोबर 'कुणाची पत्नी / कुणाची मुलगी' असा रकाना आहे. तो फक्त नोंदीसाठी. पण समोर नवऱ्याचं नाव लिहायचं म्हटल्यावर त्याची सहीही घेऊ या, असं होतं. तिसरं ठिकाण सर्वोच्च न्यायालयाचा २००७ चा घटस्फोटाचा एक निकाल. मानसिक क्रौर्याची उदाहरणं देताना त्यात म्हटलं आहे की वैद्यकीय कारण नसताना किंवा नवऱ्याच्या संमतीशिवाय वा त्याला न कळवता पत्नीने गर्भपात केला तर ते क्रौर्य ठरू शकतं. (त्याच वाक्यात पत्नीने 'व्हॅसेक्टॉमी' केल्याचाही उल्लेख आहे. शरीरशास्त्र त्या दिवशी सुट्टीवर असावं.) हा निकाल घटस्फोटापुरता आहे, डॉक्टरला त्याने काही होत नाही. उलट, संमतीशिवाय गर्भपात केला म्हणून पत्नी आणि डॉक्टरांवर नुकसानभरपाईचा दावा लावणाऱ्या नवऱ्याला पंजाब व हरियाणा उच्च न्यायालयाने परत पाठवलं, आणि २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तेच कायम ठेवलं. पण दवाखान्यांत कानोकानी पोचला तो २००७ चा निकाल.

२९ सप्टेंबर २०२२ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने हे सरळ हाताळलं: सज्ञान स्त्रीची संमती तेवढी महत्त्वाची, डॉक्टरांनी कायद्याबाहेरच्या अटी घालू नयेत. त्याच निकालाने अविवाहित स्त्रियांना २४ आठवड्यांची मुदत मिळाली, आणि या कायद्यापुरता नवऱ्याने केलेला बलात्कारही बलात्कार धरला गेला.

व्यवहारात कुठे अडतं ते आता सांगतो. सगळ्यात जास्त अडतं आठवडे मोजण्यात. मोजणी शेवटच्या पाळीच्या पहिल्या दिवसापासून होते, म्हणजे नियमित पाळी असलेल्या बाईची पाळी चुकते त्या दिवशीच चार आठवडे झालेले असतात. 'महिनाच झालाय' म्हणून येणारी बाई आठव्या आठवड्यात असू शकते, आणि गोळ्यांची मर्यादा नऊ आठवड्यांची आहे. २०२१ च्या दुरुस्तीनंतर २० आठवड्यांपर्यंत एकाच डॉक्टरचं मत लागतं. २० ते २४ मध्ये दोन डॉक्टर आणि ठरावीक गट: बलात्कार वा जवळच्या नात्यातल्या संबंधातून राहिलेला गर्भ, अल्पवयीन मुलगी, गर्भारपणातच वैधव्य किंवा घटस्फोट (२०२२ च्या निकालानुसार यात अविवाहितही येतात), अपंगत्व, मानसिक आजार, गर्भातलं व्यंग, आपत्तीची परिस्थिती. २४ नंतर, तातडीने बाईचा जीव वाचवायचा नसेल तर, फक्त गंभीर व्यंग, तेही वैद्यकीय मंडळाने ठरवायचं. मंडळाने तीन दिवसांत मत द्यायचं आणि अर्ज आल्यापासून पाच दिवसांत गर्भपात व्हायला हवा. बलात्काराच्या गर्भाला २४ नंतर दार नाही. २०२४ मध्ये महाराष्ट्रातल्या एका १४ वर्षांच्या मुलीला मुंबई उच्च न्यायालयाने नकार दिला. सर्वोच्च न्यायालयाने २२ एप्रिलला परवानगी दिली तेव्हा जवळपास तिसावा आठवडा होता, आणि आठवडाभरात पालकांनीच मुलीच्या तब्येतीच्या काळजीने विचार बदलल्यावर तो आदेश मागे घ्यावा लागला. न्यायालयात जाणारे दिवस गर्भाच्या वयातच मिळवले जातात.

बलात्काराच्या प्रकरणात आधी पोलीस तक्रार करून या, असं सांगतात. गर्भपातासाठी तशी अट नाही. मुलगी अल्पवयीन असेल तर डॉक्टरला पोक्सो, म्हणजे मुलांवरच्या लैंगिक अत्याचाराच्या कायद्याखाली, पोलिसांना कळवावं लागतं, मात्र २०२२ च्या निकालानुसार मुलीने आणि पालकांनी विनंती केली तर तिचं नाव उघड न करता कळवता येतं. दुसऱ्या तिमाहीतला गर्भपात म्हणजे लिंगनिदानच, असं धरून बसलेले तपासणी अधिकारी हा आणखी एक अडथळा. बीडचं २०११ चं बाल लिंगगुणोत्तर (दर हजार मुलग्यांमागे मुली) ८०७ होतं, तेव्हा धास्ती उगाच नाही. पण ते पाप सोनोग्राफीच्या टेबलावर होतं आणि त्यासाठी वेगळा कायदा आहे. गर्भपाताला आलेल्या प्रत्येकीकडे संशयाने पाहिलं की ती बिगरमान्यताप्राप्त जागी जाते.

गोपनीयतेचे नियम मात्र कडक आहेत आणि ते बाईच्या बाजूचे आहेत. संमतीपत्र आणि डॉक्टरचं मत लिफाफ्यात सीलबंद, वर अनुक्रमांक आणि 'गोपनीय'. केसपेपरवर आणि शस्त्रक्रियागृहाच्या वहीत नाव लिहायचं नाही, फक्त अनुक्रमांक. नाव एकट्या नमुना ३ मध्ये, आणि ती वही शेवटच्या नोंदीनंतर पाच वर्षांनी नष्ट करायची. माहिती फोडली तर एक वर्षापर्यंत कैद.

म्हणून खासगी दवाखान्यात गेल्यावर आधी भिंतीकडे पाहावं: मान्यतेचं प्रमाणपत्र, 'नमुना ब', सहज दिसेल असं लावणं बंधनकारक आहे. शेवटच्या पाळीची तारीख लिहून न्यावी. आणि नवऱ्याची सही मागितलीच, तर नमुना क समोर ठेवून ती कुठल्या रकान्यात घालायची, एवढंच विचारावं.