'डाउट' नव्हे, प्रश्न

मँचेस्टरच्या एका पुरवठादाराला मी लिहिलं होतं, 'आय हॅव अ डाउट अबाउट युवर इन्व्हॉइस.' मला एवढंच विचारायचं होतं, की वाहतूक खर्च त्यात धरलाय का. उत्तर तुटक आलं: आमच्या हिशेबात नेमकं काय खोटं वाटतंय? दिवसभर जेवण गोड लागलं नाही. आपली 'शंका' म्हणजे साधा प्रश्नही असतो. तिकडे 'डाउट' म्हणजे संशय.

तेव्हापासून पाठवण्याआधी मी ईमेल मोठ्याने वाचते. 'दोन वर्षांपासून' मनात असतं, म्हणून हात 'फ्रॉम टू इयर्स' लिहितो. कालावधी असेल तर 'फॉर', सुरुवातीचा क्षण असेल तर 'सिन्स': 'फॉर टू इयर्स', 'सिन्स 2019'. 'डिस्कस'नंतरचं 'अबाउट' खोडते. 'अ' आणि 'द' मात्र अजूनही निसटतात, मराठीत ते नाहीतच ना! त्यांच्यासाठी वेगळं वाचन करते, फक्त नामांवर बोट ठेवत.

परवा त्याच पुरवठादाराला पुन्हा तेच विचारायचं होतं. लिहिलं, 'डज धिस इन्व्हॉइस इन्क्लूड फ्रेट?' दहा मिनिटांत उत्तर आलं, 'येस, इट डज.'