रूम टोन

आमच्याकडे डॉक्युमेंटरीत इंटरव्ह्यू संपला की अर्धा मिनिट कुणी हलायचं नाही, बोलायचं नाही, त्या खोलीची शांतता रेकॉर्ड करायची. तिला रूम टोन म्हणतात. एडिटला दोन वाक्यांच्या सांध्यात ती भरावी लागते, नाहीतर कट कानाला टोचतो. १७ वर्षांत असे किती घेतले असतील देव जाणे, पण एक अजून तसाच हार्डडिस्कवर पडून आहे.

दगड घडवणाऱ्या कामगारांवर फिल्म चालू होती. सिलिकोसिस. दगडाची बारीक धूळ फुफ्फुसात जाऊन बसते, आतून व्रण पडतात ते पडतातच, बरं करणारं औषध नाही, आणि एक्स-रेत टीबीसारखं दिसतं म्हणून कित्येकजण वर्षानुवर्षं टीबीच्याच गोळ्या खात राहतात. कापताना दगडावर पाणी सोडलं तरी धूळ बरीच कमी होते, हे कळल्यावर तर माझं डोकंच फिरलं होतं (आणि डोकं फिरलं की मी जरा वाईट दिग्दर्शक होते).

सकाळी एका काकांना त्यांच्याच घराचा जिना चढताना शूट केलं. ११ पायऱ्या. सहावीला थांबले, भिंतीला हात, खोकल्याची उबळ. कॅमेरामन म्हणाला फोकस गेला. मी पटकन बोलून गेले, काका, एकदा परत चढता का? ते काही न बोलता खाली उतरले.

दुसरा टेक भारी झाला. साउंडवाल्या पोराने हेडफोन काढून माझ्या कानाला लावला, एक शब्द बोलला नाही. कॉलरच्या माइकमधून श्वास येत होता, वाळूतून पोतं ओढत न्यावं तसा.

नानूक ऑफ द नॉर्थ, आर्क्टिकमधल्या इन्यूट लोकांवरची १९२२ ची डॉक्युमेंटरी. दिग्दर्शक फ्लाहर्टीने कॅमेऱ्यासाठी अर्धंच इग्लू बांधून घेतलं, बंदूक वापरणाऱ्या शिकाऱ्यांना भाले धरायला लावले, यावर फिल्मस्कूलमध्ये आम्ही काय तावातावाने भांडायचो! मी तर सगळ्यात जास्त.

संध्याकाळी लॅपटॉपवर त्यांना सगळं दाखवलं, मी दाखवतेच. ते म्हणाले, ताई, खोकल्याचं तेवढं काढा, ठेकेदाराने बघितलं तर उद्यापासून बोलवायचा नाही. कॅमेरामन माझ्या कानाशी, मॅडम संमतीपत्रावर सही आहे त्यांची. होती. तरी दोन्ही टेक त्यांच्यासमोर उडवले, बॅकअपमधलेही. निर्माता फोनवर जे बोलला ते इथे लिहिण्यासारखं नाही आणि फिल्म लंगडी झाली हे मलाही मान्य आहे.

पण काकांच्या इंटरव्ह्यूनंतरचा रूम टोन राहिला. शांततेचा ट्रॅक म्हणजे स्क्रीनवर जवळपास सपाट रेघ हवी, इथे ती वर-खाली होते, मध्ये खोकला दाबून धरल्याचंही कळतं. खोकल्याचं काढा म्हणताना हा ट्रॅक त्यांच्या डोक्यात नव्हता. माझ्या होता.

निघताना त्यांनी विचारलं, सगळं काढलं ना ताई?

मी हो म्हणाले.