पेटी नंबर 2 साळुंकीने बळकावली

मंडळी, मागच्या वेळी फुशारकी मारली होती ना, की पिंगळ्यांची, म्हणजे छोट्या घुबडांची, जोडी अकरा दिवसांत सात वेळा त्यांच्या घरट्यासाठी निंबावर लावलेल्या पेटी नंबर 2 मध्ये डोकावून गेली? ती पेटी गेली. साळुंकीने घेतली.

सोमवारी शिडी लावून झाकण उघडलं. आत वाळलेलं गवत, खताच्या गोणीचे पांढरे धागे, ठिबकच्या नळीचा बोटभर तुकडा, वीतभर सापाची कात आणि मधोमध चार निळीशार अंडी. अंडी दिसल्यावर विषयच संपला. झाकण हळूच लावलं नि खाली उतरलो. वर निंबावर बसून साळुंकी मला शिव्या देत होती ते वेगळंच.

चूक माझीच. भोक साडेसात सेंमीवरून साडेसहावर आणलं की साळुंकी अडेल, असा सल्ला मी इथेच छातीठोकपणे दिला होता. मागे घ्या तो. साळुंकी पाच सेंमीच्या भोकातूनही आत शिरते. पिंगळा लांबीला तिच्याएवढाच, पण अंगाने गुबगुबीत. भोक लहान करत गेलो तर आधी पिंगळाच बाहेर राहणार. या भोकापायी ऑनलाइन मागवलेला होल सॉ (गोल भोक पाडायची करवत) दुसऱ्याच फळीला बोथट झाला. शेवटी गावातल्या सुताराकडून कानस आणून घासत बसलो. तो पैसा सरळ सुतारालाच दिला असता तर बरं झालं असतं.

मग दोन दिवस नुसता विचार. दोघांच्यात फरक कुठे आहे? पिंगळा साळुंकीसारखं घरटं बांधत नाही, ढोलीच्या तळावरच अंडी घालतो. पूर्वी धाब्याच्या घरांत भिंतीतल्या भगदाडांवर त्याचं भागायचं. आता सगळीकडे स्लॅब. साळुंकीचं सगळं काम उजेडी. दिवे लागले की ती थव्याने झोपायला बसस्टँडच्या पिंपळावर जाते आणि नेमका तेव्हाच पिंगळा अंग झाडून तारेवर येतो. म्हणजे अडवायचं ते भोकाच्या मापाने नाही, वेळेने.

म्हणून दोरीचं झाकण. सांजेला पावणेसातला दोरी ओढून भोक उघडायचं, पहाटे बंद करायचं. पिंगळे पेटीत दिवस काढत नाहीत, निंबाच्या फांदीवर झोपतात, तोवर दिवसा भोक उघडं ठेवून उपयोग साळुंकीलाच. मात्र बंद करण्याआधी आत टॉर्च मारून बघणं सक्तीचं, नाहीतर पक्षी आत कोंडला जाईल. आणि ज्या पहाटे पिंगळा आत बसलेला सापडेल, त्या दिवसापासून झाकण कायमचं काढायचं. एकदा तो दारात बसला की साळुंकीचं तो बघून घेईल. पत्र्याचं झाकण आपटून आवाज करत होतं, म्हणून जुन्या चपलेचा रबरी तळ कापून लावला. एकदम गप्प.

शेजारची आजी दोरीची तालीम बघून म्हणाली, "भाऊ, घुबडले घर बांधी ऱ्हायना का तू?" मी हो म्हटलं. तिने कपाळाला हात लावला, पण संध्याकाळी वाटीभर शेंगदाणे पाठवले, खारींसाठी!

हे झाकण आता पेटीऐवजी नव्या ओंडक्याला. वखारीत निंबाचा पोकळ ओंडका मिळाला, अडीच फुटी, भिंत दोन इंच जाड. प्लायची पेटी आणि आपलं ऊन यांचं जमत नाही हे मी कधीचं म्हणतोय. परवा दुपारी साडेतीनला सावलीत 39 अंश होते तेव्हा पेटीत 43. वर एक इंच फट ठेवून दुसरी फळी ठोकली, चुन्याचा हात मारला, तर काल त्याच वेळी, तेवढ्याच उन्हात 40! तीन अंश, मंडळी. साळुंकीच्या पिल्लांची चैन झाली म्हणा.

ओंडका त्याच निंबावर चढवणार होतो. पण हे लिहिता लिहिता लक्षात आलं, की अंड्यांवरची साळुंकी शेजारी कुणाला सुखाने बसू देईल का? उलट ती आपल्या हद्दीतून दुसऱ्या साळुंक्यांनाही हाकलते. मग पेटी 2 तिलाच असू दे, ओंडका घरामागच्या आंब्यावर, तोंड पूर्वेला. मधे घर आडवं येईल. मार्च अर्धाच झालाय, पिंगळ्याची वेळ टळलेली नाही.

एकाने विचारलं होतं, शहादा जवळच, मग तुमचा पिंगळा म्हणजे तो दुर्मीळ वनपिंगळा तर नसेल? नाही हो. 1884 नंतर थेट 1997 मध्ये शहाद्याजवळ सापडला तो हा नव्हे. त्याला रान लागतं आणि डोक्यावर ठिपके जवळजवळ नसतात. माझ्यावाल्याच्या डोक्यावर तांदूळ सांडल्यागत ठिपके आहेत.

आणि हो, निंबाखाली पिंगळ्याच्या उलटीची गोळी (न पचलेलं तो असं ओकून टाकतो) सापडली! पाण्यात भिजवून सुईने सोडवली: भुंग्यांच्या पंखांची चकचकीत टरफलं, नाकतोड्याचे पाय, उंदराचा एक जबडा पिवळ्या दातांसकट. तो जबडा नाना पाटलांना दाखवला. केळीच्या बागेतलं उंदरांचं औषध आमच्या बांधाकडून तरी बंद करतो म्हणाले. विष खाल्लेला उंदीर पिंगळ्याच्या पोटात गेला तर पिंगळाही जातो, हे समजवायला मला वर्ष लागलं होतं.

विहिरीवरची कप्पीही नानांचीच आणली आहे. ओंडका चाळीसेक किलो भरेल, रविवारी तीन माणसं लागतील. तोवर तो अंगणात पडलाय आणि शेळीने त्याला आपलं आसन केलंय.