रूटलेज प्रोजेक्ट, अपडेट 7: बकेट एकदाची सुटली

मंडळी, तीन आठवडे ज्या एका शब्दापाशी गाडी रुतली होती ती परवा रात्री निघाली! पॅट्रिशिया रूटलेज यांच्या 'कीपिंग अप अपिअरन्सेस' या ब्रिटिश विनोदी मालिकेच्या पहिल्या दोन सीझनचे मराठी सबटायटल मावशीला दाखवण्याइतके तयार झालेत.

अडचण तुम्हाला माहितीच आहे. रूटलेजबाईंनी केलेल्या नायिकेचं, हायसिंथचं, आडनाव बकेट, आणि मोठेपणा मिरवायला हायसिंथबाई ते बुके म्हणून सांगणार. मला आधी वाटलं आयतं मिळालं, बाथरूममधली बकेट आणि सत्काराचा बुके, दोन्ही आपल्या रोजच्या बोलण्यातले शब्द. पण कुणी कागदावरून नाव वाचायला लागलं की सगळं फसतं. इंग्रजीत अक्षरं तीच आणि उच्चार दोन, तिथेच तर सगळी मजा आहे ना. आपण देवनागरीत बहुतेक जसं बोलतो तसं लिहितो, म्हणजे बकेट लिहिलं की बुके गेला, आणि बुके लिहिलं की ती खरंच बुके आडनावाची वाटते आणि समोरचा माणूस उगाच उद्धट ठरतो. 'बादले' करून पाहिलं, कुणाला हसू आलं नाही, शिवाय इंग्लंडमध्ये कँडललाइट सपर देणाऱ्या बाईचं आडनाव बादले कसं असेल? पुसून टाकलं. मग दोन्ही एकदम, तिरकी रेघ मारून. वाचेपर्यंत सीन पुढे गेलेला.

शेवटी सुचलं ते इतकं साधं होतं की उठून खोलीत चकरा मारल्या. प्रेक्षकाला आवाज ऐकू येतोच की! म्हणजे आडनाव सबटायटलमध्ये रोमन अक्षरांतच ठेवायचं, पाकिटावर असतं तसं, कोण काय म्हणतं ते कान ऐकेल. फक्त एपिसोडच्या आधी चार सेकंदांचं कार्ड: 'जरा थांब' मधला जरा आणि म्हातारपण या अर्थाची जरा, लिहायला एकच, बोलायला वेगळे, या आडनावाचंही तसंच. मावशी पन्नाशीनंतर इंग्रजी वाचायला शिकलेली, पण कार्ड वाचून हायसिंथच्या फोनच्या पहिल्याच सीनला हसली. मला तेवढं पुरे.

बाकी भराभर सांगते. इंटरनेटवरून घेतलेलं इंग्रजी सबटायटलचं टायमिंग सेकंदाला 23.976 फ्रेमचं निघालं आणि माझी डीव्हीडी 25 ची, एपिसोड संपेपर्यंत मिनिटाच्या वर फरक. 'सबटायटल एडिट' या प्रोग्रॅममध्ये फ्रेमरेट बदलला, दोन क्लिकमध्ये काम झालं, फुकटात याहून चांगलं टूल मी तरी पाहिलेलं नाही. टीव्हीवर मात्र जोडाक्षरं फुटतात, 'स्त्री'चे तुकडे दिसतात, त्यामुळे हार्डसबच करणार, म्हणजे अक्षरं चित्रातच पक्की बसवणार.

गाण्याचे सीन मी मुद्दाम शेवटी ठेवले होते. शेजारच्या एलिझाबेथचा भाऊ एमेट, हायसिंथ गायला लागेल या धास्तीने लपून बसतो, आणि ते बेसूर गाणाऱ्या रूटलेजबाई म्हणजे 1968 साली ब्रॉडवेच्या म्युझिकलसाठी टोनी पुरस्कार मिळवलेली गायिका! सूर पक्का असल्याशिवाय इतकं नेमकं चुकता येत नाही. हे सीन मी शब्द न टाकता नुसत्या संगीताच्या खुणेवर सोडलेत.

रूटलेजबाई ऑक्टोबर 2025 मध्ये 96 व्या वर्षी गेल्या तेव्हा जो तो हायसिंथबद्दलच लिहीत होता, म्हणून तर हा प्रोजेक्ट काढला. 1961 मध्येच त्या 'कोरोनेशन स्ट्रीट' मालिकेत दिसल्या होत्या, विनोदी कलाकार व्हिक्टोरिया वुडच्या शोमधली किटीची भूमिका त्यांचीच, आणि 1996 पासून 'हेटी वेनथ्रॉप' मालिकेत साठीतली साधी लँकेशरची गृहिणी डिटेक्टिव्ह होते, तिच्यात हायसिंथचा टिपूससुद्धा नाही.

पुढे हेटी घेणार म्हटलं होतं, पण बेत बदलतेय. काल नाटककार ॲलन बेनेटचं 1988 चं, रूटलेजबाईंचं टीव्हीवरचं एकपात्री 'अ लेडी ऑफ लेटर्स' परत लावलं. एकटी मिस रडक, समोर कॅमेरा, बास. जगाला तक्रारीची पत्रं लिहीत सुटलेली बाई, आवाज न चढवता बोलते आणि आपल्याला हळूहळू कळत जातं की ही किती एकटी आहे. सेकंदाला 15 अक्षरांची मर्यादा इथे टिकणार नाही, कारण ती थांबतच नाही, आणि तिचं एकही वाक्य कापायला माझा हात धजत नाही. म्हणून ओळ दोनऐवजी तीन करून बघते, मावशीचा वेग मोजून.

आणि शीर्षकातच पुन्हा तोच घोळ, विदुषी पण आणि पत्रं लिहिणारी पण. सध्या 'पत्रपंडिता' लिहून ठेवलंय. कसं वाटतंय?